पाठमोरे पक्षी

रोम, ६ ऑक्टोबर १९६३

प्रिय ताई,

उभी असलीस तर आधी बस. तुझा भाऊ टीव्हीचा लेखक झाला.

थट्टा करत नाही. दोत्तोर स्पादोनी नावाचे एक निर्माते आहेत. दर गुरुवारी संध्याकाळी ‘चौथा मजला’ लागते ना, ती मालिका त्यांची. रोममधली एक इमारत, त्यातली बिऱ्हाडं, त्यांच्या कुरबुरी, असला हलकाफुलका मामला. त्यांचा एक लेखक मिलानला निघून गेला. स्पादोनी न्हाव्याकडे दाढीला बसले असताना तिथे पडलेल्या एका जुन्या मासिकात त्यांनी माझी गोष्ट वाचली. माझं भाग्य म्हणजे एवढंच. न्हाव्याने त्या दिवशी वस्तरा भराभर चालवला असता तर मी आजही शिकवण्याच करत बसलो असतो.

चौथ्या मजल्यावर एक मोलकरीण आहे, आस्सुंता. आपल्याकडची, दक्षिणेची. तिचे प्रसंग मी लिहायचे, कारण बाकीचे दोघे लेखक उत्तरेचे. आपली माणसं कशी बोलतात ते त्यांच्या सात पिढ्यांना ठाऊक नाही. तेव्हा तू मला गावाकडचं काहीबाही लिहीत जा. गावच्या पावभट्टीवर बायका काय बोलतात, कोणाचं कोणाशी वाजलं. खरं असेल तेवढं चांगलं.

शेवटी नावं सरकतात त्यात माझं शेवटून दुसरं आहे. पापणी लवू देऊ नकोस.

तुझा,
एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, २७ ऑक्टोबर १९६३

एजिदिओ,

उभीच होते. भट्टीवरून पावांची फळी डोक्यावर घेऊन येत होते, तेवढ्यात पोस्टमनने पत्र पुढे केलं आणि तिथेच उघडायला लावलं. मी फळी सांभाळत उभी, आणि तो मोठ्याने वाचतोय. त्यामुळे माझ्याआधी गल्लीला कळलं.

आपल्या दॉन एउस्ताकिओ पाद्रीबाबांनी चर्चच्या हॉलमध्ये टीव्ही आणलाय. ज्याने त्याने आपापली खुर्ची घरून न्यायची. मी आईची वेताची नेते. बायका पुढे बसतात, पुरुष मागे भिंतीला टेकून उभे राहतात, आणि मध्ये लहान पोरांचा गोंधळ. पहिल्या गुरुवारी गोष्ट संपली तशी बाबांनी जपमाळेची वेळ झाली म्हणून खटकन बटण बंद केलं. तुझं नाव आत अडकून राहिलं! मी त्यांना काय काय बोलले ते पापनिवेदनात त्यांनाच सांगावं लागलं. दुसऱ्या गुरुवारी मात्र थांबले बिचारे. एजिदिओ लोव्हाल्यो. मी ‘आलं, आलं’ म्हणेपर्यंत गेलंसुद्धा. शेजारची सेराफिना म्हणते तिला दिसलंच नाही. ती जळते, बाकी काही नाही.

एक सांगू का? तुझी आस्सुंता आपल्यासारखी बोलत नाही. दर वाक्याला मादोन्नाची शपथ घेते. आपल्यात एवढी शपथ घेणाऱ्या बाईला कोणी पीठसुद्धा उसनं देणार नाही.

जेवतोस ना वेळेवर? वाळवलेल्या मिरच्यांची माळ बसवाल्याच्या हाती पाठवते आहे.

ताई


रोम, ८ डिसेंबर १९६३

प्रिय ताई,

मिरच्या पोचल्या. तळल्या तेव्हा घरमालकीण नाक धरून बाहेर आली आणि मग अर्ध्या खाऊन गेली.

काम तसं ठीक चाललंय. ठीक म्हणजे, तुझ्याशी खोटं कशाला बोलू, फारसं ठीक नाही. तू म्हणालीस म्हणून आस्सुंताच्या शपथा काढल्या. आई वारलेली, धाकट्या भावाला वाढवणारी बाई असं तिला थोडं खरं केलं. स्पादोनी म्हणाले, “लोव्हाल्यो, तुमची बाई फार रडवी झाली हो. माणसं दिवसभर राबून टीव्हीपुढे बसतात ती हसायला.” बाकीचे दोघे लेखक टेबलाखाली एकमेकांचे पाय दाबत होते. ईस्टरपर्यंत मला ठेवून बघू, असं झालंय आता. नाताळला येता येणार नाही, प्रसंग लिहायचे आहेत.

इथे मला ओळखणारं कोणी नाही, ताई. गावात निदान ‘दोनाताचा भाऊ’ तरी होतो. मोठं पत्र लिही. काहीही लिही.

एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, १२ जानेवारी १९६४

एजिदिओ,

हे पत्र वाचून झालं की फाड. यातलं काही तुझ्या मोलकरणीसाठी नाही. हे तुझ्या-माझ्यातलं आहे.

तीन राजांच्या सणाच्या दुसऱ्या दिवशी दार उघडलं, तर उंबऱ्यावर पावांवर खूण उठवायचा लाकडी ठसा! फडक्यात गुंडाळून ठेवलेला. मी आधी गल्लीत दोन्हीकडे पाहिलं, मग चोरासारखा एप्रनखाली घालून आत नेला आणि दाराला पाठ लावून उभी राहिले. चाळिशीला आलेली बाई मी!

कोणाचा ते विचारायची गरजच नव्हती. जंगली नाशपातीचं लाकूड, आणि त्यावर दोन पक्षी पाठीला पाठ लावून बसलेले, भांडण झालेल्या नवरा-बायकोसारखे. साव्हेरिओशिवाय एवढं ओबडधोबड कोण कोरणार? मेंढ्यांमागे फिरत तो चमचे कोरायचा ते तुला आठवतात ना, तोंडातच जायचे नाहीत. चोचीसमोर चोच आणणं जमलं नसेल, म्हणून दोघांना फिरवून बसवलं असणार.

आपली रीत तुला माहीत आहे, तरी लिहिते, कारण लिहायला बरं वाटतंय. उंबऱ्यावर ठसा म्हणजे लग्नाची मागणी. बाईने तो कोणाला दाखवायचा नाही. नको असेल तर रात्री परत उंबऱ्यावर ठेवायचा, त्याने गुपचूप उचलून न्यायचा. गावाला पत्ता नाही, पुरुषाची मान खाली नाही. हवा असेल तर ईस्टरच्या आदल्या शनिवारी त्याच ठशाचे पाव भट्टीत घालायचे, तो येऊन त्यातला एक उचलतो, आणि मग काय, सगळ्यांना कळतंच.

मी विसाव्या वर्षीही त्याला आवडत होते हे मला ठाऊक होतं. तेव्हा तू दहाचा होतास, आई नुकतीच गेली होती, तर तोही काही बोलला नाही आणि मीही नाही. एवढी वर्षं भट्टीवर ‘नमस्कार दोनाता’, ‘नमस्कार साव्हेरिओ’. गेल्या दोन महिन्यांत तर तेही तो पायाकडे बघत म्हणायचा.

ठसा मी उशीखाली ठेवते. रात्री हात घालून बघते, आहे का म्हणून. हस. हसून घे हवं तर.

ईस्टरपर्यंत तोंड बंद ठेव.

तुझी ताई


रोम, २६ जानेवारी १९६४

माझी गुणी ताई,

हसलो नाही. खिडकीशी जाऊन उभा राहिलो आणि डोळे पुसले. हो म्हण! माझ्यासाठी थांबलीस तेवढं पुरे झालं. साव्हेरिओला कोरता येत नाही, पण तुला सांभाळता येईल.

माझीही एक चांगली बातमी आहे. माझ्या नव्या प्रसंगावर स्पादोनी भलतेच खूश आहेत. ६ फेब्रुवारीचा भाग चुकवू नकोस, कार्निव्हलचा गुरुवार आहे, सारा देश टीव्हीपुढे असणार. तुला काहीतरी ओळखीचं दिसेल. नाव नाही, गाव नाही, कोणाला काही कळायचं नाही, फक्त तुला कळेल. माझ्याकडून भेट समज.

पुढच्या खुर्चीवर बस.

एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, ८ फेब्रुवारी १९६४

एजिदिओ,

पुढच्या खुर्चीवर बसले होते. सेराफिनाला सरकवून बसले होते.

काय झालं ते सांगते, कारण तू तिथे नव्हतास. कार्निव्हल म्हणून हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. तुझ्या आस्सुंताला दूधवाला एक लाकडी ठसा देतो. त्यावर दोन पक्षी, पाठीला पाठ लावून. मला आधी आनंदच झाला, एवढी मी मूर्ख. मग ती बाई ओठावरची लव पुसत त्या ठशाचे मुके घ्यायला लागली. कणकेवर मारला, लोण्यावर मारला, मालकाच्या शर्टावर मारला. मग रात्री उशीखाली ठेवून झोपली, आणि सकाळी उठली तर गालावर दोन पक्षी उमटलेले! सगळा हॉल खुर्च्यांवरून खाली घसरत होता. दॉन एउस्ताकिओसुद्धा डोळे पुसत होते.

ठशाची रीत आपला डोंगर सोडून दुसरीकडे कुठे आहे का? आणि लिहिणारा कोण, तर माझा भाऊ. आधी सेराफिना वळली. मग तिच्या मागची. मग एकेक करून सगळा हॉल माझ्याकडे बघायला लागला. आणि तेवढ्यात मागच्या भिंतीपासून साव्हेरिओ निघाला आणि टोपी न घालता बाहेर गेला. कोणाचा ठसा तेही मग कळलं सगळ्यांना.

तो गेला तेव्हा पडद्यावर तुझं नाव सरकत होतं. या वेळी सेराफिनाला नीट दिसलं.

दोनाता


रोम, १५ फेब्रुवारी १९६४

ताई,

माझं ऐकून घे. मी असं लिहिलंच नव्हतं. मी लिहिली होती ती एका साध्या बाईला उशिरा मिळालेल्या सुखाची गोष्ट. दिग्दर्शकाने ती फिरवली, आणि ती नटी, तिला तर माकडचेष्टांशिवाय दुसरं येतच नाही. ते मुके तिचे, शर्ट दिग्दर्शकाचा. चित्रण चालू असताना मला आत घेत नाहीत, मला तरी कसं कळणार?

मी स्पादोनींना स्पष्ट सांगितलंय, तो ठसा पुन्हा दिसता कामा नये. ते कबूल झालेत. आणि साव्हेरिओला मी वेगळं पत्र टाकू का? तो समजूतदार माणूस आहे. लोक दोन आठवड्यांत विसरतील, ताई. टीव्हीवरचं कोण लक्षात ठेवतं?

तुझा,
एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, ८ मार्च १९६४

एजिदिओ,

साव्हेरिओला पत्र टाकू नकोस. त्याला वाचता येत नाही, तो ते दुसऱ्या कोणाकडून तरी वाचून घेईल, आणि आणखी एक तमाशा होईल.

लोक विसरले नाहीत, कारण तुम्ही त्यांना विसरू देत नाही. दर गुरुवारी आस्सुंता ठसा घेऊन हजर. एकदा चीजवर, एकदा पोलिसाच्या टोपीवर. परवा इस्पितळात कोणाच्या तरी प्लॅस्टरवर. मी हॉलमध्ये जात नाही. पण सेराफिना येऊन सांगते, आणि शेवटी हेही सांगते की तुझं नाव होतं. काल म्हणाली, आता शेवटून दुसरं नाही, सगळ्यात आधी येतं. बढती मिळाली वाटतं.

इथे पोरं बटाट्यात पक्षी कोरून भिंतीभर मारत सुटली आहेत. भट्टीवाला मला ‘या आस्सुंताबाई’ म्हणतो, ‘उशी आणली का?’ म्हणतो. मी हसते. न हसून कुठे जाऊ? हसले नाही तर आणखी हसतील.

साव्हेरिओ अजून थंडी असतानाच मेंढ्या घेऊन वर गेला. त्याचे पाव त्याचा भाऊ नेतो. तो जायच्या आधी मी ठसा उंबऱ्यावर ठेवला होता, म्हणजे त्याने उचलून न्यावा आणि सुटावं. मला त्याच्या गळ्यात पडायचं नव्हतं. त्याने उचलला नाही. दारावरून गेला, ठसा पाहिला, आणि गेला. त्याला काय वाटलं ठाऊक आहे? मी आणि तू मिळून त्याच्यावर हसलो. मीच तुला सगळं रंगवून सांगितलं, हसण्यासाठी. आणि सांगितलं तर मीच होतं ना.

त्या दिवशी मी ठसा चुलीत फेकला. मग चिमट्याने बाहेर काढला. एक पक्षी जळून गेलाय, एक राहिलाय.

तुझ्यावर मी कधी हात उगारला नाही. आता वाटतं, थोडा उगारायला हवा होता.

दोनाता


रोम, २२ मार्च १९६४

ताई,

आज झावळ्यांचा रविवार. समोरच्या चर्चमधून माणसं ऑलिव्हच्या डहाळ्या घेऊन बाहेर पडताहेत, आणि मी खिडकी लावून हे लिहितोय. खाली जाऊन कोणाला तोंड दाखवायची हिंमत नाही.

दिग्दर्शकाने काही फिरवलं नव्हतं. मुके मी लिहिले. लोणी मी, मालकाचा शर्ट मी. गालावर उमटलेले पक्षी मी लिहिले, आणि लिहिताना स्वतःशीच हसलो. चित्रण चालू होतं तेव्हा मी तिथे हजर होतो. नटीला पक्षी कसे हवेत म्हणून कागदावर काढूनही मीच दिले. ओठावरची लवसुद्धा माझीच. तुझ्या ओठावर लव आहे, ताई, आणि हे मी लिहिताना मला ठाऊक होतं.

तुझं पत्र आलं त्या आठवड्यात माझ्याकडे एकही प्रसंग नव्हता. स्पादोनींना मी आधी खरं तसं सांगून पाहिलं, उंबरा, फडकं, भट्टी. ते जांभई देऊ लागले. मग मी उशीचं सांगितलं आणि जरा आवाज काढून सांगितलं. ते हसले. बाकीचे दोघे, जे टेबलाखाली पाय दाबायचे, तेही हसले. पहिल्यांदा माझ्यावर नाही, माझ्यामुळे हसले. तेवढ्यासाठी विकली मी तुला.

आणि तुझं फेब्रुवारीचं पत्र हातात असताना मी पुढचे भाग लिहिले. त्यांनी जबरदस्ती केली नाही. त्यांनी माझी पाठ थोपटली, आणि मी लिहिले.

काल काम सोडलं. स्पादोनी म्हणाले, तुमची मर्जी, पण ठसा राहील. तो लोकांना आवडतो, आणि आता तो मालिकेचा आहे. दुसरा कोणीतरी लिहील. तेव्हा थांबवूही शकलो नाही. माझं नाव तेवढं निघेल. उद्यापासून एका छापखान्यात मुद्रितं तपासायला बसेन, औषधांच्या बाटल्यांवरच्या लेबलांची.

माफी मागायला लाज वाटते म्हणून मागत नाही. ईस्टरला येऊ का, हे विचारायलाही लाज वाटते.

एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, ५ एप्रिल १९६४

एजिदिओ,

ईस्टरला ये म्हणून लिहिलं नाही, कारण ईस्टर माझा होता.

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. लवेचं वाक्य वाचून मी आरसा उलटा करून ठेवला. मग सुलटा केला. आधीच खोटं बोलला नसतास तर बरं झालं असतं. आता खरं बोललास, तेही ठीक.

शनिवारी मी पाव केले आणि त्यांच्यावर तो अर्धा ठसा मारला. एक पक्षी, आणि बाजूला जळकी खोबण. वर फडकं न घालता, उघडी फळी डोक्यावर घेऊन चौकातून भट्टीपर्यंत गेले. सगळ्यांनी पाहिलं. पाहायचं ते पाहून घ्या म्हटलं, टीव्हीपेक्षा जवळून दिसतंय. कोणी हसलं, कोणी नाही. मला साव्हेरिओला एवढंच सांगायचं होतं की मी हसले नव्हते.

तो आला नाही. त्याचा भाऊ आला, स्वतःचे पाव घेऊन, मान खाली घालून गेला. माझे पाव भट्टीच्या ओट्यावर संध्याकाळपर्यंत तसेच राहिले. मग मी ते घरी आणले आणि आठवडाभर एकटीने खाल्ले. शिळा पाव गिळायला एवढा वेळ लागतो हे मला माहीत नव्हतं.

तुला यायचं आहे ना? ये. मात्र शनिवारी ये, भट्टीच्या दिवशी. माझी फळी तू न्यायची. भट्टीपासून घरापर्यंत, चौकातून, डोक्यावर चुंबळ ठेवून, बायका नेतात तशी. आपल्या गावात पुरुषाने फळी नेलेली कोणी पाहिलेली नाही हे मला ठाऊक आहे. म्हणूनच सांगते. हिवाळाभर मी हसू घेतलं, एक दिवस तू घे.

ताई


रोम, २१ एप्रिल १९६४

प्रिय ताई,

काल पोचलो. मान अजून वळत नाही.

घरी असताना सांगायचं राहिलं ते लिहितो. मी चौकात पाऊल टाकलं. भट्टीवाल्याने दारातूनच ओरडून सांगितलं, ‘अहो या, टीव्हीवाल्या वहिनी आल्या बघा!’ कानिओच्या बारमधून माणसं हातातले पत्ते तसेच घेऊन बाहेर आली. पोरं मागे लागली. ते हसू मी आजवर फक्त लांबून ऐकलं होतं, ताई. कागदावर ‘सगळे हसतात’ असं मी कितीदा लिहिलंय. ते अंगावर कसं पडतं ते मला ठाऊक नव्हतं. फळी टाकून पळावंसं वाटत होतं, आणि तू माझ्या पुढे दोन पावलं चालत होतीस, हात मोकळे सोडून, आणि तू एवढा हिवाळा असं रोज चाललीस हे मला तेव्हा कळलं. मला माझी एवढी शरम कधी वाटली नव्हती. अजूनही वाटते आहे.

एक विचारू? कारंज्यापाशी फळी कलली आणि एक पाव घरंगळला, तेव्हा साव्हेरिओ तिथे उभा होता. मेंढ्यांची लोकर कापायला खाली आला असावा. तो हसत नव्हता एवढं मी पाहिलं. त्याने वाकून पाव उचलला, बाहीला पुसला. पण तो पाव परत फळीवर आला नाही. मला मान वळवता येत नव्हती, वळवली असती तर बाकीचे पडले असते. त्याने त्या पावाचं काय केलं? तू बघितलंस ना? तो काही म्हणाला का?

तुझा,
एजिदिओ


ग्रोत्ताव्हेना, १० मे १९६४

एजिदिओ,

फळी तू अगदी वाईट नेलीस. पीठ कॉलरमध्ये, फळी तिरकी, पाय फेंगडे. भट्टीवाला अजून त्याची नक्कल करतो. त्यामुळे उशीचं विचारायला त्याला वेळ मिळत नाही. सेराफिना म्हणाली, ‘काही म्हण, नेली त्याने.’ हे तिच्या तोंडून आलं म्हणजे पुष्कळ झालं.

साव्हेरिओ मागच्या आठवड्यात आपल्या दाराशी आला होता. चुलीपाशी बसला, ठसा मागितला, उलटसुलट करून पाहिला. बराच वेळ होता. काय म्हणाला ते मी तुला सांगणार नाही.

राग म्हणून नव्हे. राग गेलाय, बराचसा. पण पूर्वी काही झालं की मी आधी मनात तुला पत्र लिहायची, मग कागदावर. ते आता होत नाही. लिहायला बसले की हॉल दिसतो. तुझ्यापासून मी कधी काही लपवलं नव्हतं, म्हणून मला हे अवघड जातंय, पण लपवते.

बसवाल्याच्या हाती पाव पाठवलाय. कालच्या भट्टीतला आहे. बरेच दिवस टिकेल, पण रविवारच्या आत खा.

ताई


रोम, १७ मे १९६४

प्रिय ताई,

पाव पोचला. कापायच्या आधी खिडकीशी उजेडात नेऊन पाहिला.

पक्षी दोन आहेत. नव्याचं लाकूड वेगळं असावं, ठसा जरा खोल उमटलाय. जळक्या बाजूला नाही, जुन्याच्या चोचीपुढे बसवलाय त्याने, म्हणून या वेळी दोघं समोरासमोर आहेत. चोच त्याला अजूनही जमलेली नाही.

याच्यापुढे मी बरंच लिहिलं होतं. ते पान फाडलं.

काही विचारत नाही.

एजिदिओ